कांदा, करार आणि दहा तारा

कांदा चिरताना रडू येतं, हे आपल्याकडे स्वयंपाकघरापुरतं सत्य. ब्राझीलच्या खेड्यांत मात्र ते थेट संगीतात शिरलं. तिथल्या ‘व्हिओला काइपीरा’ या वाद्याच्या तारा जुळवण्याची एक रीत आहे, ‘सेबोलाओ’, म्हणजे भलामोठा कांदा. ती ऐकून बायकांच्या डोळ्यांना धार लागते, म्हणून म्हणे हे नाव. वाजवणारे पुरुष रडतात का, याबद्दल आख्यायिका गप्प आहे. ती बहुधा पुरुषांनीच रचली असावी.

दिसायला हे गिटारचं धाकटं भावंड. तारा मात्र दहा, जोडीजोडीने बांधलेल्या. सेबोलाओत जुळवल्यावर मोकळ्या तारांवर नुसता हात फिरवला तरी अख्खा कॉर्ड वाजतो. माझ्यासारख्या आळशाला याहून मोठा दिलासा कोणता? पण त्यापुढे जायचं तर सैतानाशी करार करावा लागतो, असं तिथले जुनेजाणते सांगतात. आपले गुरुजी रियाज सांगतात. करार सोपा वाटतो.

व्हिओलावादक आल्मीर सातेर 1956 साली ब्राझीलमधल्याच काम्पो ग्रांदेत जन्मला आणि वकील व्हायला रिओला गेला. तिथल्या चौकात दोघांना व्हिओला वाजवताना ऐकलं आणि शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे त्याला पदवीआधीच उमगलं. तियाव कारेरो या उस्तादाकडून तो शिकला. मग त्या गावरान सुरांत त्याने ब्लूज मिसळलं, शेजारच्या पॅराग्वेचे ठेके घेतले आणि रेकॉर्डिंगला थेट अमेरिकेतलं नॅशव्हिल गाठलं.

‘परंपरा बाटली!’ म्हणणारे एक काका प्रत्येक देशात असतात. त्यांना विचारावं, ही व्हिओला तरी कुठली? पोर्तुगिजांच्या गलबतातून आलेली. तेच पोर्तुगीज गोव्यातही उतरले, त्यांच्या सुरांची आपल्या घुमट या वाद्याशी गाठ पडली आणि मांडो हा गीतप्रकार जन्मला. खुद्द कारेरोनेही 1960 च्या सुमारास जुने ताल जोडून नवा बाज घडवला होता. ‘अस्सल कोल्हापुरी मिसळ’ अशी पाटी बिनदिक्कत लावणाऱ्या आपल्याला तरी हे पटायला हरकत नाही.

1990 मध्ये ‘पान्तानाल’ या मालिकेत आल्मीरने सैतानाशी करार केलेला वादक रंगवला. 2022 मध्ये मालिका नव्याने आली, तेव्हा ती भूमिका त्याच्या मुलाने, गाब्रिएलने केली. वकिली सोडलेल्या माणसाच्या घरात निदान हा एक करार तरी वारसाहक्काने पुढे गेला! नव्या मालिकेत आल्मीर स्वतः झाला नावाडी.

तारा जुळवण्याच्या आणखी एका रीतीचं नाव आहे ‘नदीच्या उताराने’. सैतान व्हिओला वाजवत नावेतून प्रवाहाबरोबर जातो, अशी तिची गोष्ट. इथे नाव बाप हाकतोय, वाजवतोय मुलगा. काठावरच्या काकांचे डोळे पाणावलेच, तर कांद्यावर ढकलायला ते मोकळे आहेत.