मालगुजार कोणता निवडावा?

धान खरेदी केंद्रावर भंडारा जिल्ह्यातल्या माणसाला वेळच वेळ मिळतो. ओलावा मोजणारं यंत्र सतराच्या वरचा आकडा दाखवतं, बारदाना संपलेला असतो आणि ग्रेडर जेवायला गेलेला असतो. या वेळात पूर्वी राजकारण व्हायचं. हल्ली बापासोबत कट्टे उतरवायला आलेली पोरं एका वेगळ्याच विषयावरून एकमेकांची गचांडी धरतात. सोनीचं प्लेस्टेशन घ्यावं की मायक्रोसॉफ्टचा एक्सबॉक्स?

"बारा टेराफ्लॉप हायेत बे त्यात!" यंत्राच्या वेगाचं माप सांगत एक्सबॉक्सवाला ओरडतो.

"आमच्यात दहा असन, पण स्पायडरमॅन हाय!" प्लेस्टेशनवाला मागे हटत नाही.

कट्ट्यावर बसलेले काकाजी तंबाखू मळता मळता ऐकत असतात. "एक पिक्चर फ्लॉप झाला त निर्मात्याचं घर इकते. बारा फ्लॉपवाल्याले तुमी डोक्यावर घेऊन नाचता का गा?"

या वादात सर्वांत लक्षणीय गोष्ट अशी की दोन्ही पक्षांच्या कार्यकर्त्यांपैकी कुणाच्याही घरी यातलं एकही यंत्र नाही. सगळी तडा गेलेल्या मोबाइलवर खेळतात. निष्ठा इतकी कडवी असण्याचं कारण तेच आहे. ज्याच्या घरी यंत्र असतं तो खेळत बसतो, त्याला भांडायला सवड नसते. तरीही मतदार गोंधळलेला आहे आणि सदर लिहिणाऱ्याने कौल द्यावा असा आग्रह आहे. म्हणून हा खटाटोप.

आधी पैशाचं बघू. एक्सबॉक्स सिरीज एक्स १० नोव्हेंबर २०२० रोजी भारतात आला, किंमत ४९,९९० रुपये. प्लेस्टेशन ५ आलं २ फेब्रुवारी २०२१ रोजी, किंमत ४९,९९० रुपये. दोन कट्टर वैऱ्यांमध्ये दहा रुपयांचाही मतभेद नाही, याला निकोप स्पर्धा म्हणतात. त्या हंगामात साधारण धानाचा हमीभाव होता क्विंटलला १,८६८ रुपये. म्हणजे यंत्र पडलं सुमारे २७ क्विंटलला. चाळीस किलोच्या भरतीने ६७ कट्टे. २०२२-२३ साली हमीभाव २,०४० झाला. शेतकऱ्याचे दिवस पालटले असं कुणी म्हणायच्या आत, नोव्हेंबर २०२२ मध्ये सोनीने किंमत ५४,९९० केली. भागाकार करून बघा, पुन्हा २७ क्विंटलच. हमीभावाची शिफारस दिल्लीआधी टोकियोला पोचते की काय, अशी शंका घ्यायला जागा आहे.

मग बोनस आठवला. डिसेंबर २०२३ च्या नागपूर अधिवेशनात धान उत्पादकांना हेक्टरी २०,००० रुपये जाहीर झाले, दोन हेक्टरच्या मर्यादेत. मर्यादा पुरेपूर गाठली तरी होतात ४०,०००. प्लेस्टेशनची स्वस्तातली, चकती न घेणारी आवृत्ती तेव्हा ४४,९९० ला होती. सरकारने अवघ्या पाच हजारांसाठी एका पिढीचं मन मोडलं, आणि विरोधी पक्षाने सभात्याग तर सोडाच, साधा तारांकित प्रश्नही विचारला नाही.

आता जाहीरनामे. दोघांनीही '४के' चित्र आणि सेकंदाला १२० फ्रेम कबूल केल्या आहेत. प्लेस्टेशनच्या खोक्यावर तर '८के' छापलेलं होतं. २०२४ मध्ये ते नव्या खोक्यांवरून गुपचूप गाळलं गेलं. आपल्याकडे जाहीरनाम्यातलं कलम गाळायला निदान पुढची निवडणूक तरी यावी लागते.

सेकंदाला १२० फ्रेमचा आग्रह धरणाऱ्या पोराच्या बापाला उन्हाळी धानाला पाणी द्यायला दिवसाचे आठ तास वीज मिळते, आणि पाळी आली की ती रात्रीची. घरात टीव्ही एक, तोही बत्तीस इंची, आणि संध्याकाळी सात ते दहा त्यावर मायचा ताबा. त्या वेळेत तिला हटवायची ताकद बारा टेराफ्लॉपमध्ये नाही.

खेळ विकत घेतला तरी तो घरात यायचा कसा, हा पुढचा प्रश्न. हल्ली मोठा खेळ शंभर जीबीच्या घरात असतो. रोजच्या दीड जीबीच्या रिचार्जवर तो उतरवायला ६७ दिवस लागतात. कट्टे जितके, दिवस तितके. रोवणीला लावलेलं डाउनलोड धान निसवेपर्यंत पुरं होतं, आणि खेळ सुरू करायला जावं तर यंत्र सांगतं की आता याचं नवीन अपडेट उतरवा. त्यासाठी रब्बी हंगाम आहेच.

आणि ऊन. सोनीच्या सूचनेप्रमाणे प्लेस्टेशन ५ हे ५ ते ३५ अंश तापमानात चालवायचं यंत्र आहे. भंडाऱ्यात मार्चच्या उत्तरार्धात पारा ३५ ओलांडतो तो मृग लागेपर्यंत खाली यायचं नाव घेत नाही. म्हणजे शाळेला सुट्ट्या लागल्या की यंत्रालाही सुट्टी. या मातीत विजेवर चालणाऱ्या यंत्राचं काय होतं हे देशाने पाहिलेलं आहे. मे २०१८ च्या भंडारा-गोंदिया लोकसभा पोटनिवडणुकीत व्हीव्हीपॅट यंत्रं पटापट बंद पडली, कारण उन्हाचं दिलं गेलं आणि ४९ केंद्रांवर फेरमतदान घ्यावं लागलं. निवडणूक आयोगाच्या यंत्राला जे सोसलं नाही ते पोरांच्या यंत्राने सोसावं, ही अपेक्षा अन्यायाची आहे. मायक्रोसॉफ्टवाल्यांनीही हसू नये. त्यांच्या एक्सबॉक्स ३६० ला तापून लाल दिव्याची कडी पेटायची आणि यंत्र राम म्हणायचं. जुलै २००७ मध्ये कंपनीने वॉरंटी वाढवून दिली आणि त्यापायी एक अब्ज डॉलरहून जास्त रक्कम बाजूला काढली. तेही अमेरिकेत, जिथे तुमसरसारखा मे महिना नसतो.

तिसऱ्या उमेदवाराचा उल्लेख करायलाच हवा. निन्टेन्डो ही क्योटोची कंपनी १८८९ साली पत्ते छापण्यासाठी निघाली, म्हणून पारावरच्या ज्येष्ठांची सहानुभूती तिलाच आहे. पण तिने भारतात रीतसर अर्जच भरलेला नाही. तिचं यंत्र इथे दिसतं ते कुणाच्या तरी दुबईच्या भाच्याच्या सुटकेसमधून आलेलं. सोनीशी तिचं वैरही जुनं. १९९१ मध्ये शिकागोच्या प्रदर्शनात सोनीने दोघांच्या युतीचं यंत्र जाहीर केलं. दुसऱ्याच दिवशी निन्टेन्डोने त्याच प्रदर्शनात फिलिप्सचा हात धरला. त्या अपमानातून सोनीने १९९४ साली स्वतःचं प्लेस्टेशन काढलं. जगाला ही कथा थरारक वाटते. ज्या महाराष्ट्राने पहाटेचा शपथविधी पाहिलाय त्याला जांभई येते.

पक्षांतराच्या बाबतीतही हा धंदा आपल्याला घरचाच वाटावा. ऑक्टोबर २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टने ॲक्टिव्हिजन ब्लिझार्ड हा अख्खा गट चिन्हासकट ६९ अब्ज डॉलरच्या आसपास उचलला. आता सगळे मोठे खेळ आमच्याच तंबूत, म्हणून एक्सबॉक्सवाल्या पोरांनी गुलाल उधळला. आणि २०२४ पासून मायक्रोसॉफ्टने स्वतःचेच खेळ एकेक करून प्लेस्टेशनवर पाठवायला सुरुवात केली. एप्रिल २०२५ मध्ये फोर्झा होरायझन ५ सुद्धा गेलं. कार्यकर्ते खरेदी केंद्रावर एकमेकांची डोकी फोडत होते तेव्हा नेते एकाच टेबलावर जेवत होते.

इथवर वाचून कुणाला वाटेल की दोन्ही सारखेच, चिठ्ठी टाकून घ्यावं. तसं नाही. निवडीचा एक खरा मुद्दा आहे आणि तो टेराफ्लॉपमध्ये नाही, यंत्राच्या पुढच्या बाजूला आहे. तिथे चकती आत घालायला फट आहे की नाही, ते बघा.

नव्वदच्या दशकात आपल्याकडे जे टीव्ही गेम आले ते मीडिया, टर्मिनेटर, समुराई असल्या नावांचे. बहुतेक जपानी यंत्राच्या नकला. त्यांच्या पिवळ्या-काळ्या कॅसेटवर '९९९९९९९ इन वन' असं लिहिलेलं असायचं, आत निघायचे मारिओ, कॉन्ट्रा आणि तेच खेळ वेगवेगळ्या नावांनी. फसवणूक होती, पण कॅसेट आपली होती. बिघडली की खालच्या पितळी दातांवर फुंकर मारायची, सदऱ्याने पुसायची, पुन्हा खोचायची. कंटाळा आला की मित्राच्या कॅसेटशी अदलाबदल. एक कॅसेट अख्ख्या मोहल्ल्यात फिरून परत यायची आणि त्यासाठी जपानात कुणाची परवानगी लागत नव्हती.

कंपन्यांच्या पोटात नेमकं हेच दुखतं. २०१३ साली मायक्रोसॉफ्टने जाहीर केलं होतं की नव्या एक्सबॉक्सने दर २४ तासांनी इंटरनेटवर हजेरी लावायची, आणि वापरलेला खेळ दुसऱ्याला देण्यावर बंधनं राहतील. सोनीने तेव्हा एक छोटी चित्रफीत काढली. खेळ मित्राला कसा द्यायचा? एकाने चकती पुढे केली, दुसऱ्याने घेतली, खलास. लोकांनी मायक्रोसॉफ्टची अशी शोभा केली की महिन्याभरात आदेश मागे घ्यावा लागला. पण कंपन्या त्यातून एक धडा शिकल्या: बंदी घालू नये, फटच बुजवावी. म्हणून एक्सबॉक्स सिरीज एस ला फट नाही आणि प्लेस्टेशनच्या डिजिटल आवृत्तीलाही नाही. चार पैसे स्वस्त देतात आणि मग आयुष्यभर त्यांच्याच दुकानातून घ्यायला लावतात.

हा कारभार भंडाऱ्याच्या माणसाला कुणी समजावून सांगायची गरज नाही. गाव मालगुजाराचं, तळं मालगुजाराचं, तुम्ही कसायचं आणि सारा भरायचा. मालगुजारी ३१ मार्च १९५१ ला कायद्याने गेली. मागे राहिले ते सरकारी कागदावरचे 'मामा तलाव', म्हणजे माजी मालगुजारी तलाव. आता पोरगं विचारतंय की बाबा, सोनीवाला टोकियोचा मालगुजार बरा की मायक्रोसॉफ्टवाला रेडमंडचा?

फट नसलेल्या यंत्रावर तुम्ही पैसे मोजून घेता तो खेळ नसतो, खेळण्याची परवानगी असते. तीही धनी देईल तोवर. निन्टेन्डोने मार्च २०२३ मध्ये आपल्या दोन जुन्या यंत्रांची दुकानं बंद केली, मायक्रोसॉफ्टने जुलै २०२४ मध्ये एक्सबॉक्स ३६० चं. सोनीचा कॉन्कॉर्ड हा खेळ २३ ऑगस्ट २०२४ ला आला आणि ६ सप्टेंबरला बंदही झाला. पैसे परत दिले हे खरं, पण दोन आठवड्यांत आटणारं तळं आमच्या इतिहासात नाही. खेळांची महिनेवारी वर्गणी हा दुसरा सारा. एक्सबॉक्सच्या सर्वांत वरच्या योजनेचा अमेरिकेतला दर ऑक्टोबर २०२५ मध्ये महिन्याला २० डॉलरवरून ३० वर नेला. दुष्काळ, अतिवृष्टी, तुडतुडा, कशाचीही सूट नाही.

जुन्या मालगुजाराची बाजू घ्यायची वेळ येईल असं वाटलं नव्हतं. पण त्याच्या काळात गावच्या दप्तरात वाजिब-उल-अर्ज नावाचा कागद असे. तळ्याचं पाणी कुणी घ्यायचं, जंगलातलं सरपण कुणी आणायचं, हा रयतेचा निस्तार त्यात लिहिलेला असे. नव्या यंत्रातही एक लांबलचक कागद येतो, पण त्यात फक्त रयतेने काय करायचं नाही तेवढंच असतं. खाली 'मान्य आहे' असं एकच बटण. 'मान्य नाही' म्हणायचं असेल तर यंत्र परत खोक्यात भरा.

तेव्हा आमचा कौल असा. सोनी की मायक्रोसॉफ्ट, हा प्रश्न खरेदी केंद्रावर वेळ काढायला ठीक आहे. घेणारच असाल तर ज्याला चकतीची फट आहे ते घ्या, कंपनी कुठलीही असो. लाखनीत एकाने एक खेळ घ्यावा, साकोलीत दुसऱ्याने दुसरा, पवनीत तिसरा, आणि एसटीने चकत्या फिरवाव्यात. भंडारा जिल्ह्याचे सात तालुके म्हणजे सात खेळ, वर्षभराची सोय. रेडमंडला आणि टोकियोला अशा व्यवहाराची धास्ती वाटते, म्हणजे तो आपल्या फायद्याचा असणार.

माहीतगार पोरं यावर सांगतील की चकती घातली तरी खेळ यंत्रात उतरवून घ्यावाच लागतो आणि अपडेट तर इंटरनेटवरूनच येतं. खरं आहे. म्हणजे सातबारा आपल्या नावाचा आणि फेरफार मात्र रेडमंडच्या तलाठ्याच्या हातात. तरीही चकतीचंच घ्या. तलाठी कितीही लांबचा असला तरी भांडायला हातात कागद तरी राहतो.