लॉट नंबर काय?

वाकडमध्ये विकायला काय येत नाही! भूमकर चौकात गाडी अडकली की तेवढ्या वेळात ‘रिव्हर व्ह्यू’ टू बीएचके, जर्मनचे क्लास, टकलावर केस उगवून देणारा दवाखाना आणि गुडघे न बदलता बरे करणारे डॉक्टर एवढं सगळं वाचून होतं. (तिथली कोंडी पाहता आणखी चार फलक सहज खपतील.) या रांगेत आता स्टेम सेलही येऊन बसली आहे. पॅरालिसिस, पार्किन्सन, सेरेब्रल पाल्सी, ऑटिझम, मणक्याची इजा, सगळ्यांवर एकच इलाज. मार्गदर्शन शिबिर मोफत. शिबिर मोफत असलं की ओळखावं, पुढचं काहीच मोफत नाही.

शिबिर रविवारी सकाळी, हॉटेलच्या हॉलमध्ये. पडद्यावर व्हिडिओ: व्हीलचेअरवरचा मुलगा, मग व्हायोलिन, मग तोच मुलगा भिंत धरून चार पावलं टाकतो. मधल्या काळात त्याच्या आईने त्याला रोज फिजिओथेरपीला नेलं, ते व्हायोलिनमध्ये ऐकू येत नाही. पाठोपाठ जपानचं नाव निघतं, नोबेलचं निघतं, ‘नेचर’ नियतकालिकाचं निघतं. शेवटी फॉर्म निघतो. हप्त्यांची सोय असतेच.

आमच्या सोसायटीतले एक काका अशा शिबिराला जाऊन आले. धाकट्या भावाचा उजवा हात आणि वाचा अर्धांगवायूत गेलेली. काका चाकणच्या गाडी कंपन्यांना ब्रॅकेट पुरवतात. उभा जन्म माल देण्यात आणि रिजेक्शन खाण्यात गेलेला. सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि काउन्सेलर मुलीला विचारलं, ‘मॅडम, मटेरियल कुठून येतं?’

‘काका, पेशंटच्याच बोनमॅरोमधून घेतो आपण. एकदम नॅचरल.’

‘बरं. त्यातनं मेंदूच्या पेशी तयार होतात, याचा इन्स्पेक्शन रिपोर्ट?’

‘रिझल्ट व्हिडिओत दाखवले ना, काका.’

‘ते पाहिले. लॉट नंबर काय?’

मॅडमनी त्यांना माहितीपत्रक दिलं. गुळगुळीत कागद, चार रंगांत मेंदू. काकांनी ते उलटसुलट करून पाहिलं आणि घडी घालून खिशात ठेवलं.

हॉलमधले लोक हसले म्हणे. हसण्यासारखं काही नव्हतं. काकांनी जे विचारलं ते विचारायला खरं तर जीवशास्त्राची पदवी लागत नाही: पेशी कोणती, कुठली, कुणी तपासली? कमरेच्या हाडातून काढलेल्या मज्जेत ज्या मूलपेशी असतात, त्यांतल्या कामाच्या त्या रक्त बनवणाऱ्या. त्या कामात त्यांचं कर्तृत्व वादातीत आहे. ल्युकेमियात, थॅलेसेमियात बोनमॅरो प्रत्यारोपणाने माणसं वाचतात, आणि रक्ताच्या अशा आजारांसाठीच आपल्याकडे हे नेहमीचे उपचार म्हणून मान्य आहेत. पण रक्त बनवणारी पेशी मणक्यातून आत सोडली म्हणून ती न्यूरॉन होत नाही. जागा बदलली की स्वभाव बदलतो, ही आशा आपण सुनेबद्दल बाळगतो. पेशीबद्दल बाळगायचं कारण नाही.

आणि हा प्रयोग कुणी नीट केलाच नाही असंही नाही. दिल्लीच्या ‘एम्स’चे डॉ. कामेश्वर प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी देशातल्या ५ केंद्रांत अर्धांगवायूचे १२० रुग्ण घेतले. चिठ्ठ्या टाकल्यासारखे दोन गट पाडले, एका गटाला त्यांच्याच बोनमॅरोच्या पेशी शिरेतून दिल्या, दुसऱ्याला दिल्या नाहीत. निकाल २०१४ मध्ये छापून आला. अपाय नाही. उपयोगही नाही. दोन्ही गट सारखेच सुधारले. भारतीय डॉक्टरांनी भारतीय रुग्णांवर केलेलं इतकं स्वच्छ काम, पण त्याचा व्हिडिओ कुठल्याही हॉलमध्ये लागत नाही. ‘काही फरक पडला नाही’ यावर व्हायोलिन वाजवणार तरी कसं?

दोन्ही गट सारखे सुधारले, यातला ‘सुधारले’ हा शब्द मात्र धरून ठेवा; सगळा बाजार त्याच्यावर चालतो. अर्धांगवायूनंतर पहिल्या तीनेक महिन्यांत माणूस बराचसा आपोआप सावरतो, पुढे हळूहळू. २०२५ च्या जानेवारीत सिंहगड रोडवर आणि आपल्या पिंपरी-चिंचवडमध्येही गियाँ-बारे या नसांच्या आजाराचे रुग्ण सापडायला लागले, ते आठवा. दोनशेहून अधिक लोक, पाण्यावर संशय, काही जण दगावले. पण पायातली ताकद गेलेले बहुतेक लोक पुन्हा चालते झाले. काहींना इम्युनोग्लोब्युलिन दिलं, काहींचा प्लाझ्मा बदलला, आणि मेंदू-मज्जारज्जूबाहेरच्या नसांवरचं वेष्टण शरीराने पुन्हा चढवलं. ते शरीराला येतं. त्या मधल्या महिन्यांत कुणी कमरेत सुई खुपसून ‘स्टेम सेल दिली’ म्हणाला असता, तर आज त्याच्या दवाखान्याला लिफ्ट असती.

आता जपान. जपान खरं आहे, पंचाईत तीच. पण तिथे पोचायला थोडं मागून यावं लागतं.

मेंदूत मेलेली पेशी परत येत नाही, ही वैद्यकाची कित्येक दशकांची ठाम समजूत. १९६२ मध्ये जोसेफ आल्टमन यांनी मोठ्या वयाच्या उंदरांच्या मेंदूत नव्या पेशी दिसतात असं लिहिलं, तेव्हा ते मनावर घ्यायला कुणाला फुरसत नव्हती. पुढे कॅनरी पक्ष्यांनी साक्ष दिली: त्यांच्या मेंदूतल्या गाण्याच्या भागात मोठेपणीही नवे न्यूरॉन येतात. आणि १९९२ मध्ये कॅनडातल्या कॅल्गरीत ब्रेंट रेनॉल्ड्स आणि सॅम्युअल वाइस यांनी प्रौढ उंदराच्या मेंदूतून अशा मूळच्या पेशी काढून बशीत वाढवून दाखवल्या. या खऱ्या न्यूरल स्टेम सेल. एकाच पेशीच्या वंशात न्यूरॉन, त्यांची देखभाल करणाऱ्या पेशी आणि नसांवर वेष्टण चढवणाऱ्या पेशी, असं तिन्हींचं गोत्र.

माणसाच्या मेंदूत त्या मोठेपणी काम करतात का? १९९८ मध्ये स्वीडनहून आणि अमेरिकेतून उत्तर आलं, हो. २०१३ मध्ये स्वीडनच्याच योनास फ्रिसेन यांनी शीतयुद्धातल्या अणुचाचण्यांमुळे हवेत पसरलेल्या कार्बन-१४ चा माग पेशींच्या डीएनएत काढला आणि हिशेब मांडला: मेंदूतल्या हिप्पोकॅम्पस नावाच्या भागात, एका बाजूला, रोज सुमारे ७०० नवे न्यूरॉन. (अणुचाचण्यांचा मानवजातीला झालेला हा बहुधा एकमेव फायदा.) २०१८ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोहून खुलासा आला की छे, बालपणानंतर जवळपास काहीच सापडत नाही. त्यावर भांडण अजून चालू आहे. म्हणजे आपल्या डोक्यात रोज सातशे पेशी जन्मतात की एकही नाही, यावर ज्यांनी हयात घालवली त्यांचं एकमत नाही. हॉलमधल्या माहितीपत्रकाला मात्र कोट्यवधी तयार होणार हे पक्कं ठाऊक आहे.

नोबेलही खरं. शिन्या यामानाका यांनी २००६ मध्ये उंदराच्या आणि २००७ मध्ये माणसाच्या साध्या त्वचेच्या पेशीला मागे नेऊन पुन्हा मूळपदावर आणलं. २०१२ मध्ये नोबेल. त्या वाटेने जाऊन क्योटोतल्या डॉक्टरांनी डोपामाइन बनवणाऱ्या न्यूरॉनच्या पूर्वज पेशी तयार केल्या आणि पार्किन्सनच्या ७ रुग्णांच्या मेंदूत सोडल्या. न्यूयॉर्कच्या गटाने भ्रूणाच्या मूलपेशींपासून बनवलेल्या तशाच पेशी १२ जणांना दिल्या. एप्रिल २०२५ मध्ये दोन्ही निकाल ‘नेचर’मध्ये आले. पेशी तगल्या, डोपामाइन बनवू लागल्या, गाठी झाल्या नाहीत, काहींचं थरथरणं-ताठरणं कमी झालं. फार मोठी गोष्ट आहे. मी ती बातमी दोनदा वाचली. पण मोजा: सात आणि बारा, एकोणीस. कवटीला भोक पाडून, नेमक्या जागी, नेमक्या पेशी, वर वर्ष-सव्वा वर्ष प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं. आल्टमनपासून त्रेसष्ट वर्षांनी एकोणीस माणसं. आणि आपल्याकडे शिबिरात खुर्च्या कमी पडतात.

लॉट नंबरकडे परत येतो, कारण काकांनी नेमकी दुखरी नस पकडली होती. इस्रायलमधला एक मुलगा, जन्मजात मज्जासंस्थेचा आजार. आई-वडील त्याला २००१ पासून मॉस्कोला घेऊन जात होते. तिथे त्याच्या मेंदूत आणि मज्जारज्जूभोवतीच्या द्रवात गर्भांपासून काढलेल्या न्यूरल स्टेम सेल सोडल्या. नावाला जागणाऱ्या, अस्सल. चार वर्षांनी गाठी सापडल्या. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तपासणीत कळलं की गाठीच्या पेशी मुलाच्या नव्हत्याच. त्या दिलेल्या पेशींपासून वाढल्या होत्या, आणि दाते किमान दोन होते. कुणाच्या, किती, कशा तपासलेल्या, हे गाठ कापल्यावर शोधायची वेळ आली. चाकणला ब्रेकच्या एका बोल्टवर शंका आली तर तो कोणत्या पाळीत, कोणत्या सळईतून निघाला हे काढून गाड्या परत बोलावतात. मेंदूत सोडलेली पेशी रिकॉल होत नाही.

पेशींचे कागद ठेवणारी माणसं फार लांब आहेत असंही नाही. औंधमार्गे विद्यापीठाच्या आवारात गेलं की राष्ट्रीय पेशी विज्ञान केंद्र आहे. १९८६ पासूनची संस्था, देशभरच्या प्रयोगशाळांना पेशी पुरवणारं भांडार. नुसत्या काचेच्या बशीत राहायच्या पेशींनाही तिथे नाव, नंबर, नोंद लागते. माणसाच्या पाठीत जायच्या पेशीला हॉलमध्ये फक्त माहितीपत्रक लागतं.

कायद्याचं थोडक्यात. अर्धांगवायू किंवा मेंदूचे विकार बरे करतो अशी जाहिरातच १९५४ च्या जादुई उपचारविरोधी कायद्यात बसत नाही. २०१७ च्या राष्ट्रीय मार्गदर्शक तत्त्वांनुसार मज्जासंस्थेच्या आजारात स्टेम सेल फक्त मंजूर चाचणीतच वापरायच्या, आणि चाचणीत रुग्णाकडून पैसे घ्यायचे नाहीत. डिसेंबर २०२२ मध्ये राष्ट्रीय वैद्यक आयोगाच्या नीतिमंडळाने ऑटिझमसाठी ही थेरपी देणं आणि तिची जाहिरात करणं व्यावसायिक गैरवर्तन ठरवलं. म्हणजे एकच प्रश्न पुरतो: ‘फी किती?’ आकडा आला की चाचणी नाही.

पण वाकडचं खरं गिऱ्हाईक म्हातारे रुग्ण नाहीत, न जन्मलेली बाळं आहेत. स्त्रीरोगतज्ज्ञाच्या वेटिंग रूममध्ये स्टँडीपाशी टाय लावलेला मुलगा उभा असतो. सातव्या महिन्यातल्या जोडप्याला तो इतक्या आपुलकीने ‘ताई, दादा’ म्हणतो की सख्खा मामा ओशाळावा. बाळाच्या नाळेतलं रक्त गोठवून ठेवा, पुढे मेंदूचं काही झालंच तर कामाला येईल. नाळेतल्या मूलपेशीही मुख्यतः रक्ताच्याच, हे तो सांगत नाही. जनुकातला दोष असेल तर तोच दोष गोठवलेल्या पिशवीतही असतो, हेही नाही. भावंडाला थॅलेसेमिया असेल तर नाळेचं रक्त जपण्यात अर्थ आहे, सार्वजनिक बँकेला देण्यातही आहे. स्वतःचं रक्त स्वतःलाच पहिल्या वीस वर्षांत लागायची शक्यता बालरोगतज्ज्ञांच्या राष्ट्रीय संघटनेने २०१८ मध्ये छापली: ०.०४ ते ०.०००५ टक्के. हिंजवडीत दिवसभर एक्सेलमध्ये शक्यता मोजणारा बाप इथे मोजत नाही, कारण शेजारी पोट धरून बायको बसलेली असते आणि ‘आपण बाळासाठी एवढंही करू शकत नाही का’ हे वाक्य अजून कुणी उच्चारलेलं नसतं, पण खोलीत ते असतं. सही होते. टाय लावलेल्या मुलाचं टार्गेट होतं.

ज्यांना तेवढंही परवडत नाही त्यांच्यासाठी पुड्या आहेत. साखळी पद्धतीने विकली जाणारी, सफरचंदाच्या आणि द्राक्षाच्या मूलपेशींची पावडर. जिभेवर ठेवायची, रिकाम्या पोटी. पॅरालिसिसपासून डायबेटिसपर्यंत सगळ्यावर. जठरातलं आम्ल कुठल्याही पेशीचं मूळ-कूळ न विचारता तिला पचवून टाकतं. त्या पैशांत पिंपरीच्या मंडईतून सफरचंदांची पेटी येते, आणि ती पचतेही तशीच.