मॉलस्कामास्तर

मालवणच्या मासळी बाजारात शिरलं की आधी तिसऱ्यांची पाटी लागते आणि आमची अर्धी सकाळ तिथेच संपते.

“काय गो, आज मॉलस्कात काय काय इला?” सर विचारतात.

पाटीवाली वर बघत नाही. तिसऱ्यांवर पाण्याचा हबका मारते आणि शेजारणीला ऐकू जाईल असं म्हणते, “इले मॉलस्कामास्तर. आता माझी भवानी व्हवची नाय.”

कोकणात नवा माणूस दिसला की पहिला प्रश्न ठरलेला असतो. तुम्ही कुणापैकी? मग गाव निघतं, घराणं निघतं, आजोळ निघतं आणि शेवटी विचारणाऱ्याच्या मावसजावेचा दीर सापडला की दोघांनाही बरं वाटतं. आमचे सर हाच प्रश्न शिंपल्याला विचारतात. चाळीसेक वर्षं कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून ते निवृत्त झाले, त्याला आता एक तप झालं. वर्ग सुटला, फळा सुटला, पण सदऱ्याच्या खिशात खडू अजून असतो. अलंकारिक नव्हे, खरोखरचा. मासळीच्या ओल्या ओट्यावर खडू उमटत नाही हे त्यांना बारा वर्षांत पटलेलं नाही.

बाजाराबद्दल सरांची मूळ तक्रार अशी की इथला अर्धा माल मासाच नाही. मासा म्हणजे पाठीचा कणा असलेला. सुरमई मासा, बांगडा मासा, अगदी मोरीसुद्धा मासा, तिचा कणा हाडाचा नसून कूर्चेचा असला तरी. पण कोळंबी आणि कुर्ली? संधिपाद. झुरळाच्या भाऊबंदकीतल्या. हे वाक्य त्यांनी एकदा पुण्याहून आलेल्या एका जोडप्याला ऐकवलं. बाईंनी हातातला कोळंबीचा वाटा परत पाटीत ठेवला आणि ती दोघं पनीर शोधायला गेली. त्या दिवसापासून बाजारात नियम झाला: मास्तरांनी आधी वाटा घ्यायचा, पैसे द्यायचे, मग भाषण करायचं. सरांनी तो मान्य केला. फीशिवाय शिकवणी आणि फी भरून शिकवणी हे दोन्ही प्रकार महाराष्ट्रात आहेत. फी भरून शिकवणारा शिक्षक मी एवढा एकच पाहिला.

तर मॉलस्का. मराठीत मृदुकाय, म्हणजे मऊ अंगाचे. संधिपादांच्या खालोखाल प्राणिसृष्टीतला हाच सर्वांत मोठा संघ. ‘संघ’ हा शब्द सर बाजारात खणखणीत उच्चारतात आणि आजूबाजूची चार माणसं राजकारण निघालं समजून कान टवकारतात. सर त्यांना निराश करतात. संघानंतर वर्ग, वर्गानंतर गण, मग कुल, प्रजाती आणि सर्वांत शेवटी जाती. “आपल्याकडे उलट,” सर म्हणतात, “जातीपासून सुरुवात करतात आणि तिथेच थांबतात.”

या परिभाषेपायी त्यांच्या भाचीचं एक स्थळ मोडता मोडता राहिलं. मुलाकडच्यांनी पत्रिका समोर ठेवून विचारलं, “मुलीचा गण कोणता?” घरातलं कोणी तोंड उघडायच्या आत सर उत्तरले, “नरवानर.” शास्त्राप्रमाणे उत्तर बिनचूक होतं. मुलाचाही गण तोच, हे त्यांनी पुढे पुराव्यानिशी सांगितलं, त्यामुळे पत्रिका जुळल्यासारखी झाली खरी; पण मुलाची आत्या लग्नात जेवली नाही.

मृदुकायांत सरांना सर्वांत कौतुक पायाचं. म्हणजे पाय एकच, पण प्रत्येक शाखेने तो कुठे ठेवला ते पाहा. गोगलगाय, शंख, कवडी यांनी पोटाखाली ठेवला, ते उदरपाद. माकुल आणि ऑक्टोपस यांनी पाय नेऊन डोक्याला लावला, ते शीर्षपाद. आणि तिसऱ्या, कालवं, गोव्यात ज्यांना शिणाणे म्हणतात ती हिरवी शिंपली, हे सगळे दोन शिंपांत मिटलेले, ते द्विपुट. त्यांतल्या तिसऱ्यांचा पाय कुऱ्हाडीच्या पात्यासारखा. वाळूत रुतवायचा आणि अंग ओढून घ्यायचं. डोकं मात्र या सगळ्याच मंडळींनी काढून टाकलं. पूर्वी त्यांच्या वर्गाला ‘अशीर्ष’ अशा अर्थाचं नाव होतं.

“डोक्यावाचून काही अडलं का त्यांचं?” सर विचारतात. “करोडो वर्षं चाललंय. तुला दोन-चार कचेऱ्या दाखवू का?”

कारण माणसं बघितली तरी सरांच्या मनात तेच खण उघडतात. हात लागला की मिटणारा कारकून द्विपुट. वरून टणक आणि सासुरवाडीला गेला की मऊ पडणारा त्यांचा धाकटा भाऊ सर्वसाधारण मृदुकाय. वेळ आली की शाई सोडून पसार होणारे पुढारी शीर्षपाद. वर त्यांना हृदयं तीन, त्यामुळे तीन पक्षांवर एकदम प्रेम करता येतं. गोगलगाईच्या कुळात वाढीच्या एका टप्प्यावर शरीर एकशे ऐंशी अंशांत पिळलं जातं आणि मलद्वार डोक्याच्या वर येतं. हे सांगून झाल्यावर सर एका विशिष्ट माजी प्राचार्यांचं नाव घेतात. ते मी इथे देत नाही.

मला त्यांनी कालवांत टाकलंय. कालवाचं पिल्लू आधी पोहतं. दोन-तीन आठवडे समुद्रात मोकळं भटकतं, मग एखादा खडक बघतं, डावी शिंप त्याला चिकटवतं आणि मरेपर्यंत हलत नाही. “तू मुंबईला तीन आठवडे नोकरी शोधलीस,” सर म्हणाले, “आणि परत येऊन वडिलांच्या दुकानाला चिकटलास. डाव्याच अंगाने बसतोस गल्ल्यावर, बघितलंय मी.” त्या दिवसापासून मी गल्ला उजवीकडे घेतलाय.

सुकती लागली की सर किल्ल्यासमोरच्या खडपांवर जातात, मी मागे. बायका कोयतीने कालवं फोडत असतात. वरची शिंप उडते, आतला मऊ गोळा डब्यात पडतो, खालची शिंप खडकालाच राहते. त्यांच्याच शेजारी खडकावर पांढरी, टोकदार, छोट्या ज्वालामुखीसारखी कवचं असतात. पाय कापतो तो त्यांनीच. सर तिथे उकिडवे बसतात आणि कुव्हिएची गोष्ट सांगतात. जॉर्ज कुव्हिए, फ्रान्सचा, नुसतं हाड बघून जनावर सांगणारा. त्यानेच मृदुकायांची घडी नीट बसवली. त्याच्याआधी लिनियसने 1758 साली यातली बरीचशी मंडळी कृमींच्या पोत्यात भरली होती. एवढा हुशार कुव्हिए, पण ही टोकदार कवचं त्याने मृदुकायांत घातली. वरून चुन्याचं घर, खडकाला चिकटलेलं, मग दुसरं काय असणार? 1830 साली थॉम्पसन नावाच्या माणसाने त्यांची पिल्लं पाण्यात वाढवून बघितली तर ती निघाली कोळंबीच्या गोतातली. लहानपणी पोहणारी, पायांची, मोठेपणी घर बांधून आत डोक्यावर उभी राहणारी.

“कवच बघून मुलगी देऊ नये,” सर म्हणतात. कालवं फोडणारी एक म्हातारी हे ऐकून इतकी हसली की तिची कोयती पाण्यात पडली. तिच्या जावयाचा इतिहास नंतर कळला.

कालव या नावाखाली जगाने जे खपवलंय त्याचं सरांना खरं दुःख आहे. मोती देणारं कालव कालव नव्हेच, त्याचं कुल वेगळं. गोव्यातल्या जुन्या घरांच्या खिडक्यांना काचेऐवजी ज्या पातळ चकत्या बसवल्यात, त्यातून दुपारचं ऊन दुधासारखं होऊन आत येतं, त्या चकत्यांचा धनीही इंग्रजीत कालव म्हणवतो; तोही तोतया. लिनियसने तर मोत्याच्या शिंपल्याला शिणाण्यांच्या प्रजातीत टाकलं आणि पंख्यासारख्या शिंपल्याला कालवांच्या. “माणूस स्वीडनचा,” सर उदार होऊन म्हणतात. “त्याला कोण कालवण करून घालणार?”

एक प्रसंग सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. शेजारच्या अण्णांनी यात्रेतून दक्षिणावर्ती शंख आणला. किंमत त्यांनी आकड्यात सांगितली नाही, नुसते डोळे मिटले. पूजा झाली, प्रसाद झाला, आणि सरांनी शंख उचलून टोक वर, तोंड आपल्याकडे असा धरला. “अण्णा, हा डावा.” अण्णांच्या हातातला द्रोण लवंडला. शास्त्रात शंखाचं टोक वर धरून तोंड कुठे उघडतं ते बघतात. उजवीकडे उघडलं तर उजवा, आणि जवळजवळ सगळे शंख उजवेच. देवघरात मात्र शंख उलटा धरतात, निमुळती नळी वर. शास्त्रातला डावा देवघरात उजवा होतो. म्हणजे दोघांचंही बरोबर, फक्त एकजण डोक्यावर उभा. हे सर समजावत होते तोवर अण्णांच्या सुनेने शंख काढून घेतला होता. अण्णा अजून सरांशी बोलतात, पण शंखाच्या खोलीत नेत नाहीत.

बाजारात मात्र सरांच्या वर्गीकरणाला तोडीस तोड माणूस आहे, ती म्हणजे तिसऱ्यांची पाटीवाली. तिचे गट तीन: वाळूतला, चिखलातला आणि खडपावरचा. वाळूतला रात्रभर पाण्यात ठेवायचा म्हणजे वाळू ओकतो. चिखलातला तीनदा धुवायचा. खडपावरच्याला धुणं नको पण हात सांभाळायचे. “ह्या अधिवासानुसार झाला, गो. ह्याका वर्गीकरण म्हणत नाय,” सर म्हणाले. ती म्हणाली, “मास्तरानू, तुमच्या वर्गीकरणान दातात वाळू येवची थांबता काय?” सरांनी वाटा घेतला आणि पैसे दिले. भाषण झालं नाही.

आणि घरी काकू. काकूंचे गट: ज्याचं सुकं होतं ते, ज्याचं कालवण होतं ते, आणि पाहुणे आले की जे करायचंच नाही ते, कारण ताटात पडलं की नवरा त्याच्यावर बोलायला लागतो. काकू विळीवर तिसऱ्या फोडतात. सगळं मांस एका शिंपेत ठेवतात, दुसरी टाकून देतात, आणि ओल्या नारळाचं वाटप लावून एकशिपी करतात. सर पहिला घास घेण्याआधी तेच बोलतात. प्राणिशास्त्रात एक वर्ग आहे, एकच टोपीसारखी शिंप असलेला. तो कोट्यवधी वर्षांपूर्वी संपला असं सगळे धरून चालले होते, आणि 1952 साली एका डॅनिश जहाजाने मध्य अमेरिकेजवळच्या खोल समुद्रातून तो जिवंत वर काढला. “तिथे एवढा खर्च केला,” सर म्हणतात, “आणि ही रोज दुपारी द्विपुटाचा एकपुट करते.” काकू म्हणतात, “भात निवतोय.”

गेल्या पावसाळ्यात सरांना एक फोन आला. त्यांचा एक जुना विद्यार्थी कुठल्याशा संशोधन केंद्रात असतो. त्याने सहज सांगितलं की सर, आपलं क्रॅसोस्ट्रिया मद्रासेन्सिस आता राहिलं नाही. म्हणजे कालव आहे, खाडीत आहे, पण नाव गेलं. आता ते मॅगॅलाना बायलिनिएटा. जनुकं तपासून प्रजातीची वाटणी झाली, त्यात आडनाव बदललं. आणि मद्रासेन्सिस हे नाव 1916 सालचं; त्याच कालवाला 1798 साली कुणी दुसरं नाव देऊन ठेवलं होतं. जुनं सापडलं की नवं रद्द.

सर फोन ठेवून ओटीवर बसले. चाळीस वर्षं त्यांनी ते नाव फळ्यावर लिहिलं होतं, तिरप्या अक्षरांत, खाली रेघ ओढून. हजारो मुलांनी ते उत्तरपत्रिकेत चुकीचं लिहिलं होतं आणि त्यांनी अर्धा अर्धा गुण कापला होता. संध्याकाळी मी गेलो तर चहा तसाच. कुणी गेल्यावर बसतात तसं काकू दाराशी बसल्या होत्या, पण निवडत होत्या तांदूळ.

“नाव बदललं म्हणे,” काकू मला म्हणाल्या. “दुपारपासून असेच बसलेत.”

“पद्धत असते, काकू,” मी म्हणालो.

“मला नको सांगू. लग्नात ताटात तांदूळ पसरून अंगठीने माझं नवं नाव ह्यांनीच लिहिलं. कुमुदची सुनंदा केली. आडनावही बदललं. तेव्हा चहा दोनदा घेतला होता.”

सर हलले. शिक्षकाला कुठे बोलायचं ते कळतं, तसं त्यांना कळलं की इथे बोलू नये. पण नियमाचा प्रश्न होता. “तसं नाही,” ते म्हणाले. “शास्त्रात अग्रतेचा नियम आहे. पहिलं दिलेलं नाव ग्राह्य. मागाहून दिलेलं रद्द.”

काकूंनी सुपातला एक खडा काढून अंगणात टाकला. “पहिलं कोणतं माझं?”

सर गप्प झाले. बाहेर पाऊस धरून आला होता म्हणून मी निघालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाजाराला जायला त्यांच्या फाटकाशी उभा होतो. सर पिशवी घेऊन ओटीवर आले, खिशातला खडू चाचपला, आणि आत तोंड करून घसा खाकरून हाक मारली, “कुमुद, तिसऱ्या आणू की कालवं?”

आतून उत्तर आलं नाही. काहीतरी पितळेचं पडलं आणि बराच वेळ फिरत राहिलं.