सोसायटीचे एमसीबीकाका

लाइट गेले की बाकीचे मेणबत्ती शोधतात, काका स्टूल शोधतात. शर्टाच्या खिशात पेनाच्या जागी टेस्टर. नोकरी जन्मभर अकाउंट्समध्ये झाली, त्यामुळे विजेचाही हिशेब एकच : कमी पडलं की वाढवायचं.

चिनी मातीच्या फ्यूजच्या काळात ते तांब्याच्या तारेचे पाच-सहा पदर पिळून फ्यूज बांधत आणि म्हणत, "आता जन्मात उडणार नाही." नाहीच उडायचा. जळायची ती भिंतीतली वायर.

एमसीबी आले, काका तेच राहिले. दुसऱ्या मजल्यावरच्या वहिनींकडे सकाळी एकाच लाइनवर दोन हजार वॉटचा गीझर, तेवढ्याच वॉटची इंडक्शन शेगडी आणि हजाराची इस्त्री. म्हणजे बावीस अँपिअरच्या आसपास. सोळाचा एमसीबी थोडा वेळ कळ काढी आणि खटकन पडे. बिचारा कर्तव्यच करत होता. तो गीझरसाठी नसतोच, भिंतीतल्या वायरसाठी असतो. पण एमसीबी पडणं हा काकांना स्वतःचा अपमान वाटतो.

"माल हलका आहे. बत्तीसचा टाका!" म्हणत त्यांनी स्वहस्ते टाकलासुद्धा. बत्तीसचा एमसीबी छत्तीस अँपिअरवरही तासभर ढिम्म हलत नाही. बावीस म्हणजे त्याला किस झाड की पत्ती. घरात शांतता नांदली. काकांना चहाबरोबर चकली मिळाली.

मग सॉकेटची पांढरी प्लेट कडेने बदामी व्हायला लागली. प्लग हाताला चटका देऊ लागला.

"काका, मासळी करपल्यासारखा वास येतोय हो. आणि आमच्याकडे तर अंडंही शिजत नाही."

"खालच्यांचं असेल. आज बुधवार ना!"

शेवटी वहिनींनी काकांना न विचारता वायरमन बोलावला. काकांना अर्थातच पत्ता लागला. स्टूल घेऊन हजर. वायरमनने मेन बंद केला, सॉकेट उघडलं. आतल्या लाल वायरचं प्लास्टिक बोट लावताच पापडासारखं मोडलं.

"वायर अडीचची आहे, काका. हिला सोळाचाच पाहिजे. गीझरला वेगळी लाइन ओढतो. बत्तीसचा ठेवायचा तर सहाची वायर लागेल, ती या पाइपातून जायची नाही."

काकांनी स्टुलावरूनच भिंतीकडे एक नजर टाकली.

"मग पाइप बत्तीसचा टाक!"