दर्याचे शिरस्तेदार

हर्णैच्या बंदरावर सायंकाळी मासळीचा लिलाव पुकारला जात असतो, सुवर्णदुर्गाच्या तटावरून ऊन उतरत असते, बैलगाड्या चाके बुडेपर्यंत पाण्यात शिरून होड्यांतला माल आणीत असतात. त्या समग्र गलबल्यात एकही टोपली न उचलता जो इसम सर्वांत अधिक श्रमलेला दिसेल, तो निवृत्त तांडेल होय. आमच्या तांडेलांचा पाय गेल्या पंधरा वर्षांत होडीला लागलेला नाही. परंतु पेन्शनीत निघालेल्या शिरस्तेदारास आपल्यावाचून कचेरीचे दफ्तर अडून पडले असेल अशी जी खात्री असते, तीच त्यांस दर्याविषयी आहे. पहाटे मतलई वारा वेळेवर सुटला की ते संतोषाने मान डोलावतात. दुपारी खारा वारा रेंगाळला तर क्षितिजाचा जाब घेतल्यासारखे डोळे बारीक करतात. नारळी पौर्णिमेला अर्पिलेला नारळ लाटेबरोबर परत किनाऱ्याला लागला आणि पोरांनी तो फोडून फस्त केला, तर आम्ही हळहळतो. तांडेल मात्र "पोच आली" म्हणून होड्या लोटण्यास मंजुरी देतात. ती कोणी मागितलेली नसते, ही गोष्ट अलाहिदा.

तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते: चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. हा हिशेब पाजपंढरीतल्या शेंबड्या पोरासही अवगत आहे; पण तांडेल बोटांची पेरे अशा गांभीर्याने मोजतात, की सरकारी खजिन्याचीच मोजदाद चालली असावी. एकदा पुण्याहून आलेल्या माझ्या पाहुण्यास त्यांनी वाळूतच गाठले. द्वितीया होती, अर्थात दीडला पाणी पुरे भरणार, आणि दिवस उधाणाचे. वहाणा बाजूला काढून, मांडी ठोकून त्यांनी विवेचनास आरंभ केला. त्यात तरुणपणीचे एक तुफान आले, फाटलेले शीड आले, त्या शिडाहूनही मोठी एक सुरमई आली. दीडच्या सुमारास पाणी आमच्या मांड्यांखाली आले, क्षणभर थबकले, आणि फिरताना तांडेलांची डावी वहाण घेऊन गेले.

"घड्याळ बघा!" तांडेल विजयी मुद्रेने ओरडले. "मिनिटाचा फरक नाही!"

उजवी वहाण त्यांनी अद्याप टाकलेली नाही. ती पडवीत, दर्याकडे तोंड करून ठेवली आहे, विचारले तर म्हणतात, "डावी परत आली, तर तिला जोडीदार नको का?"