ताटाबाहेरचं सोयाबीन

सिंगापुरातल्या आंग मो किओच्या हॉकर सेंटरात सकाळी तौ हुए खाणाऱ्या आजीबाई दिसल्या की मला हटकून लातूरचा मोंढा आठवतो. दोन्हीकडे विषय सोयाबीनचाच. फरक एवढाच की आजीबाई ते चमच्याने खातात आणि आपल्याकडे त्याचा फक्त भाव विचारतात.

तौ हुए म्हणजे सोयाबीनच्या दुधात जिप्सम घालून गोठवलेला, कोवळ्या खरवसासारखा थरथरणारा पदार्थ. वर साखरेचा पाक. चावण्याची भानगडच नाही, त्यामुळे कवळी घरी विसरलेल्यांचीही सोय होते. सोयाच्या दुधात काळी ग्रास जेली घातली की त्या पेयाला इथे ‘मायकेल जॅक्सन’ म्हणतात. आपल्याकडे मिसळीला अजून कुणी अमिताभ केलेलं नाही, हे मिसळीचं नशीब.

गंमत अशी की सिंगापूर सोयाबीन पिकवत नाही, पोत्यांनी बाहेरून आणतं. इथली नामांकित पेय कंपनी यो हियाप सेंग मुळात 1900 साली चीनच्या फूच्यान प्रांतात सोया सॉसचा कारखाना म्हणून निघाली. चिनी माणूस बंदरात उतरला तो जिभेसकट उतरला.

आपल्याकडे पीक आलं, जीभ आली नाही. गांधीजींनी 1935 मध्ये वर्ध्याच्या मगनवाडीत सोयाबीन खाऊन-खाऊ घालून पाहिलं, ‘हरिजन’मध्ये त्यावर लिहिलंही. आश्रमवासी नाही कसं म्हणणार! पुढे वाशीम-लातूरकडे सोयाबीनने ज्वारीला बांधापलीकडे ढकललं, पण स्वयंपाकघराचा उंबरा काही ओलांडला नाही. दाण्यात तेल अठरा-वीस टक्के. ते आपल्या कढईत. प्रथिनं चाळीस टक्क्यांच्या आसपास. ती पेंडीतून कोंबडीच्या पोटात. वडा शाकाहाऱ्याला, ताकद कोंबडीला! मग हाच शाकाहारी तेल काढलेल्या सोयापिठाच्या वड्या दुकानातून आणतो आणि मटणाच्या मसाल्यात रटरट शिजवतो.

हसून झालं, तरी एक गोष्ट मला खटकते. ज्वारीचा भाव पडला तर निदान घरात भाकरी होते. सोयाबीनचं पोतं घरात पडून राहिलं तर त्याचं करायचं काय, हे आपल्या चुलीला ठाऊक नाही. म्हणून ते मिळेल त्या भावाला विकावं लागतं. 2025-26 च्या हंगामाचा हमीभाव क्विंटलला 5328 रुपये होता. मोंढ्यात ओलावा 12 टक्क्यांच्या वर निघाला की व्यापारी हमीभावाहून खाली बोलतो.