रावसाहेबांचा नवा अंमल

सेवानिवृत्तीचा हुकूम हाती पडला म्हणून महसूल खात्यातील माणसाच्या देहातून सरकार एकाएकी निघून जात नाही. ते प्रथम काही दिवस बैठकीच्या खोलीत रेंगाळते, तेथे रद्दीचा हिशेब तपासते, दूधवाल्याकडून कैफियत मागविते, आणि तेथे आपले कोणी मनावर घेत नाही असे निदर्शनास आल्यावर अखेरीस स्वयंपाकघराच्या उंबरठ्यावर येऊन उभे राहते. आमचे शेजारी रावसाहेब याच मार्गाने ओट्यापर्यंत पोहोचले. (तहसीलदाराला मिळणारी ही पदवी त्यांना इतकी चिकटली आहे की मूळ नाव आता विजेच्या बिलावर काय ते उरले आहे.) निमित्त झाले रक्ततपासणीच्या कागदाचे. कोलेस्टेरॉलचा आकडा थोडा हद्दीबाहेर गेलेला पाहून डॉक्टर ‘तळलेले जरा कमी करा’ एवढेच बोलले होते; परंतु तोंडी सूचना लेखी आणून तिला कलमे पाडणे हा ज्यांचा जन्माचा शिरस्ता, त्यांनी त्या चार शब्दांवर एक सबंध संहिता रचली, आणि तिचे पहिले कलम असे की, यापुढे या घरात मासा तव्यावर उतरणार नाही.

मासाच बंद करावा, असे मात्र कोणाच्या मनात आले नाही. रावसाहेब मालवणकडचे आणि डॉक्टर वेंगुर्ल्याचे; तेव्हा असला अघोरी उपाय त्या खोलीत उच्चारला जाणे शक्यच नव्हते. उलट बांगडा, तारली यांसारख्या तेलकट माशांतील मेद हृदयास हितकर असतो, असा अनुकूल दाखलाच डॉक्टरांनी दिला होता. मासा अशा रीतीने निर्दोष सुटल्यावर सारा आरोप आला तो तेलावर आणि रव्यावर. रावसाहेबांनी रव्याची चौकशी आरंभिली. गव्हाचा कोंडा आणि अंकुर काढून टाकल्यावर जो गाभा उरतो त्याचा रवा होतो, अर्थात दाण्यातील तंतूंचा आणि जीवनसत्त्वांचा मोठा हिस्सा गिरणीतच नाहीसा होतो, हे वाचून सरकारी गोदामातील तूट उघडकीस आल्यावर होत असे तसाच संताप त्यांना झाला, आणि त्यांनी रव्याला तत्काळ बडतर्फ केले. रिकाम्या जागेसाठी उमेदवार अनेक होते. बाजरीचा अर्ज, तिचे पीठ दळल्यावर लवकर कडू होते या सबबीवर फेटाळण्यात आला. ज्वारीला हंगामी नेमणूक मिळाली. कायमची जागा नाचणीला गेली, कारण नाचणीची साल दाण्याला इतकी घट्ट बिलगलेली असते की ती दळली जाते तीच सालीसकट, आणि शिवाय तिच्या शंभर ग्रॅममध्ये ३०० मिलिग्रॅमहून अधिक कॅल्शियम असते. हा आकडा रावसाहेबांनी जिन्यात भेटणाऱ्या प्रत्येकाला ऐकविला.

मग शीतकपाटाच्या दारावर जाहीरनामा लागला. सुरमईची तुकडी बोटभर जाडीची असावी, हळद, मीठ, तिखट, आले-लसूण व कोकमाचे आगळ लावून ती अर्धा तास मुरवावी, नाचणीच्या पिठात घोळवावी, ओव्हन आगाऊ तापवून २०० अंशांवर पंधरा मिनिटे भाजावी, पिठास सोनेरी रंग आल्याची खातरजमा करून बाहेर काढावी, तेल निरंक. या तपशिलाखाली तारीख होती, स्वाक्षरी होती, आणि ‘माहिती व पुढील कार्यवाहीसाठी’ म्हणून वहिनींचे नावही होते.

अंमलबजावणीत अडचणी निघाल्या. नाचणी मुळातच तांबूसकाळी, त्यामुळे सोनेरी रंगाची वाट पाहता पाहता पंधरा मिनिटांची पंचवीस झाली आणि सुरमई आतून वाळली. त्याहून गंभीर प्रकार असा की तव्यावरचे तापलेले तेल रव्याला चोहोबाजूंनी भिडून त्यातील ओल झटक्यात उडवून लावते, तर ओव्हनमधली हवा, आकड्याने कितीही तापलेली असो, आपली उष्णता सरकारी गतीनेच पुढे पाठविते. परिणामी तुकडीचे पाणी खाली झरून ताटलीत साचले आणि जो पदार्थ पानात आला तो वरून रांगोळी आणि खालून आंबील असा होता. रावसाहेबांनी तो शेवटपर्यंत खाल्ला. तत्त्वासाठी गिळलेला घास ओळखू येतो. त्याच्यामागून पाण्याचा पेला लगेच उचलला जातो.

पुढच्या रविवारी बोंबलांची पाळी आली. बोंबील म्हणजे पाण्यालाच लाभलेला आकार. म्हणून तर तळण्यापूर्वी तो वजनाखाली दाबून त्याचे पाणी काढतात. ही बळजोरी रावसाहेबांना अनावश्यक वाटली. ओव्हन उघडला तेव्हा बोंबील जागेवर आढळून आले नाहीत. ताटलीतील द्रवाचा रीतसर पंचनामा झाला आणि प्रकरण मासळीवालीवर ढकलून दप्तरी दाखल करण्यात आले.

या सर्व काळात वहिनींनी चकार शब्द काढला नव्हता. त्यांच्या सासूबाई मालवणात केळीच्या पानात गुंडाळलेला बांगडा चुलीच्या निखाऱ्यांत भाजीत असत आणि त्याला तेलाचा थेंब लागत नसे. परंतु या पूर्वाधाराचा संहितेत उल्लेख नव्हता, आणि त्यांना कोणी विचारलेही नव्हते. नोव्हेंबरात रावसाहेब हयातीचा दाखला देण्यासाठी बँकेत गेले आणि तेथील रांगेने त्यांना दुपारपर्यंत अडकवून ठेवले. तेवढ्यात वहिनींनी ज्वारीची जाडसर भरड काढली, तीत नाचणीचे पीठ नावापुरते मिसळले, दोन्ही कोरडेच खमंग भाजून घेतले आणि त्यांना दोन चमचे तेल चोळले; मुरलेली सुरमई फडक्याने टिपली, भरडीत दाबून घोळविली, आणि ताटलीत न ठेवता जाळीवर मांडली, म्हणजे खालची वाफ कोंडून राहत नाही. एक वाटी आमच्याकडे आली. ती तळलेल्या सुरमईच्या तोडीची होती असे मी म्हणणार नाही, कारण खोटी साक्ष देण्याइतका काही मी तिच्या आहारी गेलेलो नाही; पण कवच कुरकुरत होते, आत मासा रसाळ होता, आणि वाटी परत करताना आमच्या घरात कोणी ती विसळण्याची घाई केली नाही.

“तुमच्याच कागदाबरहुकूम केलंय हो,” असे वहिनींनी सांगितले. रावसाहेबांनी जाहीरनामा उतरविला, ‘तेल निरंक’ खोडून तेथे ‘तेल माफक’ लिहिले, जाळीचे कलम आपल्याच अक्षरात दाखल केले, आणि खाली नवी तारीख घालून पुन्हा स्वाक्षरी केली. तेव्हापासून इमारतीतील इतर स्वयंपाकघरांकडेही त्यांची दृष्टी वळली आहे. दोन बिऱ्हाडांना नाचणीविषयी समज देण्यात आली असून तिसऱ्याने ओव्हनच नसल्याचे कळवून मुदत मागितली आहे.

मध्यंतरी आमच्याकडे जेवायला बोलाविले तेव्हा पानात रव्यातली, तव्यावर सढळ तेलात परतलेली सुरमई होती. रावसाहेबांनी तुकडी उलटून दोन्ही बाजूंची पाहणी केली.

“रवा?” त्यांनी विचारले.

“रवाच, भावोजी,” आमची पत्नी ओशाळून म्हणाली. “तुमच्यासाठी वेगळं करायला हवं होतं.”

“छे छे. हे घर आमच्या हद्दीत येत नाही,” रावसाहेब गंभीरपणे म्हणाले. “इथं हस्तक्षेप केला तर तो अधिकारातिक्रम होईल.” आणि तसा कोणताही अतिक्रम आपल्या हातून घडू नये याची दक्षता ते पाचव्या तुकडीपर्यंत घेत राहिले.